बेन्झिनच्या षटकोनातला गोल : या वादाची पार्श्वभूमी

गोव्यात हायर सेकंडरीच्या पोरांच्या वह्या चाळल्या की बेन्झिन, म्हणजे सहा कार्बनची कडी असलेला पदार्थ, दोन तऱ्हेनं काढलेलं दिसतं, कुणाच्या षटकोनात एकाआड एक तीन डबल बाँड (दुहेरी रेघा), कुणाच्या षटकोनात नुसता गोल. वर्गातली मॅडम एक सांगते, संध्याकाळी ट्युशनचा सर दुसरं, आणि पोरं वैतागून विचारतात की परीक्षेत नक्की काढायचं काय? हा घोळ आजचा नाही, चांगला शंभर वर्षांचा आहे.

सुरुवातीचा भाग भराभर उरकतो. 1825 मध्ये लंडनमध्ये दिव्याच्या गॅसमधून खाली बसणाऱ्या तेलातून बेन्झिन वेगळं काढलं गेलं, पुढे ते कोलटारमधून मिळायला लागलं आणि त्यावर रंगांचे कारखाने उभे राहिले. 1865 मध्ये एका जर्मन केमिस्टनं कडीची रचना मांडली. आपलीच शेपूट धरलेल्या सापाच्या स्वप्नातून ती सुचल्याची गोष्ट सगळ्यांना पाठ असते, पण ती त्यानं सांगितली थेट 1890 च्या सत्कारात, म्हणजे 25 वर्षांनी, त्यामुळे मी तरी ती जरा जपूनच घेतो.

खरी अडचण वेगळीच होती. डबल बाँड जागच्या जागी असतील तर शेजारच्या दोन कार्बनवर ब्रोमिन लावल्यावर दोन वेगळे पदार्थ मिळायला हवेत, एकात मधे डबल बाँड, दुसऱ्यात सिंगल. मिळत होता एकच. 1872 मध्ये त्याच केमिस्टनं उत्तर दिलं की बंध सतत जागा बदलतात. माझ्या मते ही पळवाटच होती, फक्त नशिबानं बरोबर दिशेची निघाली. बेन्झिन साध्या डबल बाँडसारखं ब्रोमिनचा रंग लगेच उडवत नाही, मग वाटायला लागलं की एकाआड एक डबल बाँडवाली कोणतीही कडी अशीच शांत असणार, तर 1911 च्या सुमारास डाळिंबाच्या झाडाच्या सालीतल्या अल्कलॉइडपासून आठ कार्बनची कडी तयार झाली आणि तिनं ब्रोमिनचा रंग लगेच उडवला. म्हणजे नुसती कडी असून भागत नाही.

गोल आला 1925 मध्ये. इंग्लंडमधल्या दोघांनी तो काढला तेव्हा त्याचा अर्थ अगदी ठरलेला होता, गोल म्हणजे सहा इलेक्ट्रॉनचा गट, बाकी काही नाही. 1929 मध्ये तिथल्याच एका संशोधक बाईंनी बेन्झिनच्या एका भाईबंदाच्या स्फटिकाचा एक्स-रे काढून दाखवला, कडी सपाट आणि सगळ्या बाजू सारख्या. बेन्झिनमध्ये हे अंतर साधारण 1.39 अँगस्ट्रॉम (एक अँगस्ट्रॉम म्हणजे सेंटीमीटरचा दहा कोटीवा भाग), म्हणजे सिंगलच्या 1.54 आणि डबलच्या 1.34 च्या मधे. 1931 मध्ये 4एन+2 चा नियम आला, म्हणजे कडीत असे 2, 6, 10 इलेक्ट्रॉन असतील तरच ती बेन्झिनसारखी शांत, आणि आठवाली कडी का नापास झाली ते कळलं. इथपर्यंत गोलवाल्यांची बाजू भक्कम, उष्णतेचा हिशेबही त्यांच्याच बाजूनं. एका डबल बाँडवर हायड्रोजन चढवताना साधारण 120 किलोज्यूल सुटतात, तीन बंधांचे 360 व्हायला हवेत, बेन्झिन देतं 208 च्या आसपास, म्हणजे ते तेवढं जास्त स्थिर.

गोची होते ती दोन कड्या जोडल्यावर. पावसात कपाटात टाकायच्या डांबरगोळ्या घ्या (हल्ली बऱ्याच गोळ्या दुसऱ्याच क्लोरीनवाल्या पदार्थाच्या असतात, पण जुन्या नॅफ्थलीनच्याच). त्यात पाय इलेक्ट्रॉन, म्हणजे डबल बाँडमधल्या दुसऱ्या जोडीतले, 10. पोरं दोन्ही षटकोनांत गोल काढतात आणि गोलामागे सहा धरून उत्तर लिहितात 12. चूक पोरांची नाही, चित्रच तसं सांगतंय. शिवाय नॅफ्थलीनमध्ये सगळे बंध सारखे नाहीतच, काही 1.37 चे, काही 1.42 चे. पावसाच्या तोंडावर आपल्या किनाऱ्यांवर जे डांबराचे गोळे येऊन पायाला चिकटतात त्यांत असले कितीतरी जोडकडीवाले पदार्थ असतात, त्यातलंच एक फेनॅन्थ्रीन. त्याचा मधल्या कडीतला एक बंध सरळ साध्या डबल बाँडसारखा ब्रोमिन घेतो, तीन गोल काढले तर हे कुणाला दिसणार? 1972 मध्ये एका केमिस्टनं तोडगा मांडला की पूर्ण सहा इलेक्ट्रॉन बसतील तिथेच गोल काढा, फेनॅन्थ्रीनला कडेच्या दोन कड्यांत गोल आणि मधे एक डबल बाँड. उत्तम तोडगा, पण शाळेच्या पुस्तकांत तो फारसा पोचलाच नाही.

2008 मध्ये रसायनशास्त्राच्या आंतरराष्ट्रीय संस्थेनं (IUPAC) रेखाटनाच्या शिफारशी काढल्या, त्यात एकाआड एक डबल बाँडला पसंती दिली, गोल चालेल पण दुय्यम. मला हे पटतं, नायट्रेशनचा (कडीवर नायट्रो गट बसवण्याच्या क्रियेचा) बाण काढताना इलेक्ट्रॉनची जोडी कुठून निघाली ते दाखवावं लागतं आणि गोलातून बाण काढला की जोडी कुठली ते कळत नाही.

गंमत म्हणजे सिद्धांतवालेही पूर्ण गोलाच्या बाजूला राहिले नाहीत. 1986 मध्ये एका गणितातून असं दिसलं की पाय इलेक्ट्रॉन बरेचसे आपापल्या कार्बनपाशीच असतात, आणि 2020 मध्ये बेन्झिनचे सगळे 42 इलेक्ट्रॉन, म्हणजे प्रत्येकी तीन अशा 126 मिती धरून केलेल्या हिशेबात एका स्पिनचे (इलेक्ट्रॉनचे स्पिन दोनच तऱ्हेचे असतात) इलेक्ट्रॉन एका चित्रासारखे मांडलेले आणि दुसऱ्या स्पिनचे दुसऱ्या चित्रासारखे निघाले. ती दोन चित्रं म्हणजे डबल बाँडवालीच, फक्त एकात बंध जिथे तिथे दुसऱ्यात नाही.