वृक्षवासी टॅरंट्युला व वृक्षसर्प, येऊर

ठाणे शहराच्या पश्चिमेस, संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या ठाण्याकडील अंगाला येऊरचे डोंगर आहेत. येथील मिश्र पानझडी जंगलात झाडांवर राहणारे मोठे केसाळ कोळी (टॅरंट्युला) व अनेक वृक्षवासी साप आढळतात. जुन्या खोडांतील ढोल्या, सुटलेल्या सालीखालच्या फटी आणि बांबूची बेटे ही त्यांची मुख्य आश्रयस्थाने होत. बिबट्याच्या ख्यातीमुळे उद्यानातील हा प्राणिवर्ग काहीसा दुर्लक्षित राहिला आहे.

कोळ्यांपैकी महत्त्वाची जाती पीसिलोथेरिया रेगॅलिस (कुल थेराफोसिडी). पीसिलोथेरिया ही प्रजाती (जवळच्या जातींचा गट) फ्रेंच कोळी-अभ्यासक सीमाँ यांनी 1885 मध्ये स्थापली. ती केवळ भारत व श्रीलंकेत आढळते. रेगॅलिसचे वर्णन ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ पोकॉक यांनी 1899 मध्ये केले, परंतु मूळ नमुना पश्चिम घाटातला नव्हे, तर मद्रासजवळच्या अरक्कोणमचा. त्यामुळे या जातीचे मूळ क्षेत्र कोणते, असा प्रश्न निघतो. याच प्रजातीतील निळ्या रंगाची मेटॅलिका ही जाती पोकॉक यांनी त्याच वर्षी आंध्र प्रदेशातील गुत्ती येथील रेल्वेच्या लाकूड वखारीतील नमुन्यावरून वर्णिली. पुढे शतकभर ती कोणाला आढळली नाही. 2001 मध्ये ती गुत्तीपासून सुमारे 100 किमी. अंतरावर, नंद्याल व गिद्दलूर यांमधील जंगलात मिळाली, तेव्हा मूळ नमुना लाकडाबरोबर रेल्वेने आला असावा, हे मत रूढ झाले. अरक्कोणमही जंक्शनच असल्याने तेथील नमुन्याविषयी अशीच शंका घेण्यास जागा आहे. ठाण्यालाही रेल्वे 1853 पासून आहे. मात्र रेगॅलिस पश्चिम घाटात विस्तृत पसरलेली असल्याने येऊरमधील कोळी मूळचेच मानणे अधिक सयुक्तिक दिसते.

रेगॅलिसच्या पाठीवर राखाडी-पांढरी, पानाच्या शिरांसारखी नक्षी असते. दगडफुलाने माखलेल्या सालीवर हा कोळी स्थिर बसला, की हातभर अंतरावरूनही नजरेतून सुटतो. डिवचल्यास तो पुढचे पाय उचलतो, तेव्हा त्यांच्या खालच्या बाजूचा भडक पिवळा रंग दिसतो. पोटाखाली आडवा फिकट पट्टा असतो. समान दिसणाऱ्या इतर जातींपासून ओळख पटवताना तो उपयोगी पडतो. मादी ढोलीला आतून रेशमाचे अस्तर करते व पिल्ले काही काळ तिच्याजवळच राहतात. प्रौढ नर मात्र ढोली सोडून मादीच्या शोधात हिंडतात. अमेरिकेतील अनेक टॅरंट्युलांच्या अंगावर खाज आणणारे केस असतात, तसे यांच्या अंगावर नसतात. दंशाने तीव्र वेदना व स्नायूंत पेटके येतात. मृत्यूची नोंद नाही. पाळीव प्राण्यांच्या बाजारात मागणी असल्याने 2019 मध्ये संपूर्ण प्रजाती साइटीस या वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापाराचे नियमन करणाऱ्या कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात घेतली गेली.

सापांत चापडा (ट्रायमेरेसुरस ग्रॅमिनियस) हा विषारी. हिरवा, त्रिकोणी डोक्याचा हा साप बांबूत वेटोळे घालून निश्चल बसतो व डोळा आणि नाकपुडी यांमधील उष्णतासंवेदी खळग्यांच्या साहाय्याने रात्री भक्ष्य टिपतो. सर्पदंशावरचे प्रचलित प्रतिविष नाग, मण्यार, घोणस व फुरसे यांच्या विषापासून तयार होते. चापड्याचा त्यात समावेश नाही. हरणटोळ हा बारीक, टोकदार नाकाचा, निमविषारी साप. तो झाडावरून माणसाची टाळू फोडतो, ही समजूत निराधार आहे. जुन्या याद्यांत त्याचे नाव अहेटुला नासुटा असे असते, परंतु 2020 मध्ये संशोधक मल्लिक व सहकाऱ्यांनी जनुकीय पुराव्यावरून नासुटा श्रीलंकेपुरती मर्यादित केली आणि उत्तर पश्चिम घाटातील हरणटोळ बोरिॲलिस या नव्या जातीत घातला. सखल द्वीपकल्पीय प्रदेशातील ऑक्सिऱ्हिंका ही जाती वेगळी. येऊरच्या डोंगरासाठी बोरिॲलिस हे नाव अधिक योग्य वाटते. उडता सोनसर्प बरगड्या पसरून शरीर चपटे करतो व फांदीवरून तरंगत खाली येतो. रुका आणि मांजऱ्या हेही वृक्षवासीच.