टेरिटरीज नागरिक आणि ओव्हरसीज नागरिक: ब्रिटनच्या दोन सारख्या नावांमागचे वेगळे हक्क

ब्रिटिश राष्ट्रीयत्वाच्या कायद्यात ‘ब्रिटिश ओव्हरसीज टेरिटरीज सिटिझन’ आणि ‘ब्रिटिश ओव्हरसीज सिटिझन’ असे दोन दर्जे आहेत. ज्यांचे आई-वडील किंवा आजी-आजोबा पूर्व आफ्रिकेत, आजच्या येमेनमधील एडनमध्ये, हाँगकाँगमध्ये किंवा कॅरिबियन बेटांवर राहिले, अशी कुटुंबे जुने पासपोर्ट आणि जन्मदाखले बाहेर काढतात, तेव्हा या दोन दर्जांत हमखास घोळ होतो. तो महागात पडतो. पहिला दर्जा असलेल्या बहुतेकांना पूर्ण ब्रिटिश नागरिकत्व आधीच मिळालेले असते आणि ते पुढच्या पिढीपर्यंतही पोहोचते, तर दुसरा दर्जा सहसा त्या व्यक्तीबरोबरच संपतो. सोयीसाठी पुढे त्यांना टेरिटरीज नागरिक आणि ओव्हरसीज नागरिक असे म्हटले आहे.

दोघांचे मूळ एकच आहे. १९४८च्या कायद्याने १ जानेवारी १९४९पासून ‘युनायटेड किंगडम आणि वसाहतींचे नागरिक’ असा एक सामाईक दर्जा निर्माण झाला आणि लंडनमध्ये जन्मलेला, जिब्राल्टरमध्ये जन्मलेला, नैरोबीत जन्मलेला असे सगळे त्यात आले. पुढे वसाहती एकेक करून स्वतंत्र होत गेल्या आणि १९८१च्या ब्रिटिश राष्ट्रीयत्व कायद्याने १ जानेवारी १९८३ रोजी या सामाईक दर्जाचे तीन तुकडे केले. ज्यांना खुद्द युनायटेड किंगडममध्ये वास्तव्याचा हक्क होता, ते ब्रिटिश नागरिक झाले. ज्यांचा स्वतःच्या, आई-वडिलांच्या किंवा आजी-आजोबांच्या जन्मामुळे वा नोंदणीमुळे अजून ब्रिटनच्या ताब्यात असलेल्या एखाद्या प्रदेशाशी संबंध होता, ते ‘डिपेंडंट टेरिटरीज’चे नागरिक झाले, आजचे टेरिटरीज नागरिक ते हेच. या दोन्हींत न बसणारे उरलेले सगळे ओव्हरसीज नागरिक ठरले.

म्हणून अशा कुटुंबाने पहिला प्रश्न ‘आजोबा ब्रिटिश होते का?’ असा विचारू नये. आजोबांचे गाव १ जानेवारी १९८३ रोजी कोणाच्या ताब्यात होते, हे आधी पाहावे. त्या तारखेला तेथे ब्रिटनचा अंमल असेल तर वाट एकीकडे जाते, आणि ते आधीच स्वतंत्र देशात गेले असेल तर दुसरीकडे.

त्या तारखेनंतर प्रदेशाचे काय झाले, हेही तितकेच महत्त्वाचे आहे. सेंट किट्स, नेव्हिस आणि अँग्विला ही शेजारची कॅरिबियन बेटे एकेकाळी एकाच वसाहतीत मोडत. डिसेंबर १९८०मध्ये अँग्विला औपचारिकरीत्या वेगळे झाले आणि आजही ब्रिटिश प्रदेश आहे. सेंट किट्स आणि नेव्हिस मात्र १९ सप्टेंबर १९८३ रोजी स्वतंत्र झाले आणि तेथील बहुतेकांचा नवा दर्जा नऊ महिने पूर्ण होण्याआधीच गेला. त्यामुळे एकाच जुन्या वसाहतीत जन्मलेल्या दोन बहिणींपैकी अँग्विलात जन्मलेलीच्या वंशजांना जो हक्क आहे, तो सेंट किट्समध्ये जन्मलेलीच्या वंशजांना सहसा नाही. हाँगकाँगचा संबंधही १ जुलै १९९७ रोजी संपला, आणि तेथील जे लोक अन्यथा राष्ट्रहीन झाले असते त्यांना ओव्हरसीज नागरिक करण्यात आले.

आधी टेरिटरीज नागरिकांकडे पाहू. जिब्राल्टर, बर्म्युडा, केमन बेटे, ब्रिटिश व्हर्जिन बेटे, माँटसेराट, सेंट हेलेना, फॉकलंड असे एकूण चौदा प्रदेश या यादीत आहेत. १९८३ ते २००२ या काळात त्यांतील बहुतेक नागरिकांना ब्रिटनमध्ये राहण्याचा आपोआप हक्क नव्हता. फॉकलंडवासीयांना अर्जेंटिनाबरोबरच्या १९८२च्या युद्धानंतर १९८३च्या स्वतंत्र कायद्याने पूर्ण नागरिकत्व मिळाले आणि जिब्राल्टरवासीयांना ते नोंदणीने मिळवता येत असे. मग २००२चा ओव्हरसीज टेरिटरीज कायदा आला आणि २१ मे २००२ रोजी जे जे टेरिटरीज नागरिक होते, ते सर्व कोणताही अर्ज न करता ब्रिटिश नागरिकही झाले. सायप्रसमधील अक्रोटिरी आणि ढेकेलिया या लष्करी तळांशीच फक्त ज्यांचा संबंध होता, ते तेवढे वगळले गेले. त्या तारखेनंतर एखाद्या प्रदेशात अर्ज करून नव्याने टेरिटरीज नागरिक झालेल्याला मात्र ब्रिटिश नागरिकत्वासाठी वेगळी नोंदणी करावी लागते. केमन किंवा बर्म्युडात नोकरी करणाऱ्या मराठी कुटुंबांनी हे लक्षात घ्यावे. तेथील कामाचा परवाना म्हणजे नागरिकत्व नव्हे, आणि परवान्यावर राहणाऱ्या आई-वडिलांचे मूल तेथे जन्मले एवढ्यानेच ते टेरिटरीज नागरिक होत नाही.

आता वंशाने मिळणाऱ्या हक्काचा हिशेब. ब्रिटिश कायदा ‘वंशाने नागरिक’ (परदेशात जन्मून केवळ आई-वडिलांमुळे झालेला) आणि ‘वंशाव्यतिरिक्त नागरिक’ (उदाहरणार्थ, तेथेच जन्मल्यामुळे झालेला) असा भेद करतो, आणि परदेशात जन्मलेल्या मुलाला नागरिकत्व आपोआप देण्याची ताकद साधारणपणे दुसऱ्या गटाकडेच असते. समजा, एक बाई १९६० साली माँटसेराटमध्ये जन्मल्या, त्यांनी एका मराठी डॉक्टरांशी लग्न केले आणि त्यांचा मुलगा १९९० साली पुण्यात जन्मला. १९८३मध्ये आई टेरिटरीज नागरिक झाल्या, तेही स्वतःच्या जन्मामुळे, म्हणजे वंशाव्यतिरिक्त. मुलगा पुण्यात जन्मला त्या क्षणी वंशाने टेरिटरीज नागरिक झाला आणि २१ मे २००२ रोजी, शाळकरी वयात, त्याच्या नकळत वंशाने ब्रिटिश नागरिकही झाला. त्याला नागरिकत्व मागायचे नाही. ते आहे एवढे सिद्ध करायचे आहे, आणि त्यासाठी आईचा माँटसेराटचा जन्मदाखला, आई-वडिलांचा विवाहदाखला आणि आई-वडिलांची नावे असलेला स्वतःचा जन्मदाखला ही साखळी लागते. त्याची मुलगी मात्र पुण्यात जन्मली असेल तर तिला काही आपोआप मिळत नाही. ती आणि तिचे आई-वडील युनायटेड किंगडममध्ये किंवा एखाद्या ब्रिटिश प्रदेशात तीन वर्षे राहिले, तर अठरा वर्षांची होण्याआधी तिची नोंदणी करता येते. एरवी साखळी सहसा तिथेच तुटते.

हेच उदाहरण थोडे मागे नेले, की जुन्या कायद्याचा अन्याय दिसतो. मुलगा १९९०ऐवजी १९७९ साली जन्मला असता, तर त्याला काहीच मिळाले नसते, कारण १ जानेवारी १९८३पूर्वी परदेशात जन्मलेल्या मुलाला नागरिकत्व देण्याचा हक्क वडिलांना होता, आईला नव्हता. अविवाहित वडिलांच्या मुलांवरही असाच अन्याय १ जुलै २००६पूर्वीच्या जन्मांपर्यंत चालला. खुद्द ब्रिटनशी संबंध असलेल्यांसाठी या चुका आधी दुरुस्त झाल्या. प्रदेशांशी संबंध असलेल्यांना २०२२च्या राष्ट्रीयत्व आणि सीमा कायद्यापर्यंत थांबावे लागले. २८ जून २०२२पासून अशा व्यक्तींना टेरिटरीज नागरिक म्हणून आणि त्याचबरोबर ब्रिटिश नागरिक म्हणून नोंदणी करता येते. ज्यांना ‘तुमचा हक्क आईकडून येतो, म्हणून चालत नाही’ असे पूर्वी सांगितले गेले, त्यांनी ते उत्तर अंतिम समजू नये.

या सगळ्यांत सर्वांत मोठी हानी चागोस बेटांच्या लोकांची झाली, आणि त्यांच्यासाठी केलेली तरतूदही सर्वांत वेगळी आहे. मॉरिशसला स्वातंत्र्य देण्याआधी, ८ नोव्हेंबर १९६५ रोजी, ब्रिटनने ही बेटे वेगळी काढून ब्रिटिश हिंदी महासागर प्रदेश निर्माण केला आणि १९६८ ते १९७३ या काळात त्यांतील दिएगो गार्सिया बेटावरील अमेरिकी लष्करी तळासाठी सर्व रहिवाशांना मॉरिशस आणि सेशेल्सला हलवले. पिढ्या मोजण्याच्या नियमाने त्यांना दुहेरी फटका बसला. ज्यांना मुळात हद्दपार केले, त्यांची मुले परदेशात जन्मली म्हणून वंशाने नागरिक, आणि नातवंडे परदेशात जन्मली म्हणून कोणीच नाहीत. ज्या सरकारने त्यांना बेटांवर राहू दिले नाही, त्याच सरकारचा कायदा मुले बेटांवर का जन्मली नाहीत असे विचारत होता. ही गोष्ट दुरुस्त व्हायला अर्धशतक लागावे, हे मला आजही अक्षम्य वाटते. २३ नोव्हेंबर २०२२पासून बेटांवर जन्मलेल्या व्यक्तीचा कोणताही थेट वंशज, मग तो नातू असो वा पणती, टेरिटरीज नागरिक आणि ब्रिटिश नागरिक म्हणून नोंदणी करू शकतो. पिढीची मर्यादा नाही आणि अर्जाचे शुल्कही नाही. मात्र मुदत आहे. त्या दिवशी जे सज्ञान होते, त्यांना पाच वर्षे, म्हणजे २२ नोव्हेंबर २०२७पर्यंत. आणि जे तेव्हा अल्पवयीन होते, त्यांना तेविसावा वाढदिवस येण्याआधी अर्ज करावा लागतो.

ओव्हरसीज नागरिकांची कहाणी याच्या उलट दिशेने जाते, आणि तिच्यात भारतीय कुटुंबे खूप आहेत. केनिया १२ डिसेंबर १९६३ रोजी स्वतंत्र झाला, तेव्हा तेथे जन्मलेल्या आणि आई किंवा वडीलही तेथेच जन्मलेल्या व्यक्तींना केनियाचे नागरिकत्व आपोआप मिळाले. इतरांना अर्जासाठी दोन वर्षे होती. ज्यांनी अर्ज केला नाही, त्यांच्याकडे जुने ब्रिटिश नागरिकत्व राहिले. असे हजारो आशियाई लोक ब्रिटनकडे निघाले, तेव्हा ब्रिटिश संसदेने काही दिवसांत कायदा संमत करून १ मार्च १९६८पासून त्यांच्या प्रवेशावर निर्बंध आणले: आई-वडील किंवा आजी-आजोबा ब्रिटनमध्ये जन्मलेले नसतील, तर ब्रिटिश पासपोर्ट असूनही दार बंद. युरोपीय मानवी हक्क आयोगाने १९७३ साली ही वागणूक वंशभेदावर आधारित आणि मानहानिकारक असल्याचे म्हटले. १९८३मध्ये हीच माणसे ओव्हरसीज नागरिक झाली. आजच्या मलेशियातील पिनांग आणि मलाक्का येथे जन्मलेल्या अनेकांचेही असेच झाले.

या दर्जावर ब्रिटिश पासपोर्ट मिळतो, पण ब्रिटनमध्ये राहण्याचा हक्क मिळत नाही, आणि १९८३नंतर जन्मलेल्या मुलांना, राष्ट्रहीनतेचे मोजके अपवाद सोडले, तर तो दर्जा वारशाने मिळत नाही. वर्षाला ठरावीक कुटुंबांना प्रवेश देणारी व्हाउचर योजना मार्च २००२मध्ये बंद झाली. तिच्या जागी ३० एप्रिल २००३पासून ब्रिटिश नागरिक म्हणून नोंदणीची तरतूद आली, पण तिची अट कडक आहे: अर्जदाराकडे दुसरे कोणतेही राष्ट्रीयत्व नसावे, आणि ४ जुलै २००२नंतर त्याने दुसरे राष्ट्रीयत्व स्वतःहून सोडलेले नसावे. म्हणजे ज्या ओव्हरसीज नागरिकाकडे केनियाचे वा मलेशियाचे नागरिकत्वही आहे, त्याने ते सोडून अर्ज केला तर तो चालत नाही आणि हातचे नागरिकत्वही जाते. ‘आधी दुसरा पासपोर्ट सोडा, मग पुढचे पाहू’ असा सल्ला कोणी दिला, तर तो ऐकण्याआधी ही तारीख पाहावी.

एडनचा उल्लेख इथे करणे आवश्यक आहे, कारण १९३२पर्यंत त्याचा कारभार मुंबई इलाख्यातून चाले आणि मुंबईची माणसे तेथे स्थायिक झाली होती. १ एप्रिल १९३७ रोजी ते स्वतंत्र वसाहत झाले आणि ३० नोव्हेंबर १९६७ रोजी ब्रिटिश अंमलातून बाहेर पडले. १९८३च्या कितीतरी आधी ते गेले असल्याने एडनच्या जन्मदाखल्यावरून टेरिटरीज नागरिकत्वाचा दावा उभा राहत नाही. ब्रिटिश हिंदुस्थानातील जन्माचेही तेच. गोव्यात १९ डिसेंबर १९६१पूर्वी जन्मलेल्यांच्या नातवंडांनाही पोर्तुगालचे राष्ट्रीयत्व घेता आले, हे पाहून रत्नागिरीत १९४०मध्ये जन्मलेल्या आजोबांवरून ब्रिटनकडे तसाच दावा करता येईल असे अनेकांना वाटते. पण ते आजोबा भारतीय संविधानाने भारताचे नागरिक झाले आणि ब्रिटिश कायद्यात त्यांच्या नातवंडांसाठी अशी तरतूद नाही.

हातात जुना पासपोर्ट असेल तर त्यातली राष्ट्रीयत्वाची ओळ वाचावी, पण तो १९८३पूर्वीचा असेल तर त्या ओळीवरून दोन दर्जांतला फरक कळणार नाही, कारण तेव्हा दोघांचेही नाव एकच होते. तेथे जन्मस्थळच पाहावे लागते. आणि भारतीय पासपोर्ट असलेल्याने पुढे जाण्याआधी भारताचा कायदाही पाहावा. भारत दुहेरी नागरिकत्व मानत नाही. १९५५च्या कायद्यानुसार परदेशाचे नागरिकत्व स्वेच्छेने घेतले की भारतीय नागरिकत्व संपते, मग ते ब्रिटिश नागरिकत्व असो वा नुसते टेरिटरीज नागरिकत्व. वरच्या उदाहरणातल्या पुण्याच्या मुलाला नागरिकत्व अर्ज न करता मिळाले असले, तरी त्याने ब्रिटिश पासपोर्ट काढला, तर भारतीय नियमांनुसार पासपोर्ट काढणे हाच स्वेच्छेचा निर्णायक पुरावा मानला जातो. त्यानंतर त्याला भारतीय पासपोर्ट परत करून ओसीआय कार्डासाठी, म्हणजे परदेशी नागरिकत्व घेतलेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळणाऱ्या कार्डासाठी, अर्ज करावा लागेल.