मसाला क्रीम बिस्किटे, कमी कर्बोदकांची

मैदा आणि साखर टाळून, बदामाची पूड, शेंगदाण्याचा कूट किंवा सुके खोबरे यांत सुंठ, वेलदोडा, दालचिनी घालून भाजलेली आणि दोन-दोनच्या जोडीत चक्क्याचे किंवा लोण्याचे सारण भरलेली चहाची बिस्किटे. कर्नाटकातील बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यातील मराठी घरांत दुपारी चारच्या चहासोबत खारी, टोस्ट, नानकटाई असे काहीतरी लागतेच. मधुमेह असलेल्या माणसाला त्या बशीत हात घालता यावा, हा या बिस्किटांमागचा मुख्य हेतू.

हा मुलूख गोडाचा. बेळगावचा कुंदा, लग्नातले मांडे, गोकाकचा करदंट यांची नावे इथल्या पाहुणचाराशी जोडलेली आहेत. भारतीय आयुर्विज्ञान अनुसंधान परिषदेच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीने देशातील मधुमेहींची संख्या १० कोटींहून अधिक असल्याचे सांगितले. अशा वेळी घरातल्या एकाला चहाबरोबर काहीच न देणे, किंवा ‘एकाने काय होते’ म्हणून मैद्याचे बिस्किट पुढे करणे, हे दोन्ही मार्ग चुकीचे आहेत.

आहारातील कर्बोदके मुद्दाम कमी करण्याची पद्धत जुनी आहे. १९२१ मध्ये अमेरिकेतील डॉ. रसेल वाइल्डर यांनी अपस्माराच्या रुग्णांसाठी कीटोजेनिक, म्हणजे अगदी कमी कर्बोदकांचा आणि भरपूर स्निग्धांचा, आहार सुचवला. वजन आणि रक्तशर्करेसाठी या आहाराचा बोलबाला नंतर झाला. दोन बिस्किटांत सारण भरण्याची रीत युरोप-अमेरिकेतील कारखान्यांनी घरोघर नेली. बोरबॉन १९१० चे, तर ओरिओ १९१२ चे. ऑस्ट्रियातील लिंझर बिस्किटांत मात्र सुका मेवा, दालचिनी आणि लवंग पूर्वीपासून असते, म्हणून मसाला क्रीम बिस्किटाचे जवळचे नाते कारखान्याच्या बिस्किटापेक्षा लिंझरशी आहे.

सर्वांत जास्त गोंधळ पिठाच्या निवडीत होतो. १०० ग्रॅम मैद्यात सुमारे ७५ ग्रॅम कर्बोदके असतात. बदामात ती २० ते २२ ग्रॅम, आणि त्यांतली निम्मी न पचणाऱ्या तंतूंची. शेंगदाण्यात सुमारे १६ ग्रॅम, त्यातही निम्मे तंतू. चंदगड-खानापूर भागात काजू हाताशी असतो आणि त्याची पूड छान मऊ होते, पण त्यात कर्बोदके सुमारे ३० ग्रॅम आणि तंतू जेमतेम ३ ग्रॅम. म्हणून काजू चवीपुरताच घ्यावा. नाचणीची बिस्किटे मधुमेहाला चालतात हा समज इथे घट्ट रुजलेला आहे. नाचणीत कॅल्शियम भरपूर, तंतूही चांगले. तरी तिच्यात सुमारे ७० टक्के कर्बोदकेच असतात. गूळही मुख्यतः साखरच आहे. पौष्टिक आणि कमी कर्बोदकांचे हे दोन वेगळे गुण आहेत, आणि त्यांची गल्लत रक्तशर्करेच्या तपासणीत दिसते.

गोडीसाठी एरिथ्रिटॉल ही साखरेऐवजी घालायची गोड पूड वापरतात. त्याची गोडी साखरेच्या सुमारे ७० टक्के, आणि रक्तशर्करेवर परिणाम जवळजवळ नाही. पण ते जिभेवर गार लागते आणि साखरेसारखे तांबूस होत नाही. मसाला इथे खरा कामाला येतो: सुंठ आणि चिमूटभर मिरी तो गारवा झाकतात, दालचिनीमुळे गोडी वाढल्यासारखी वाटते, आणि रंगाची उणीवही ती थोडी भरून काढते. वेलदोडा ताजा कुटलेला हवा. जायफळ मात्र हात राखून घालावे, जास्त झाले की कडवटपणा येतो. ‘शुगर फ्री’ म्हणून मिळणाऱ्या काही मिश्रणांत माल्टिटॉल हा दुसरा गोड पदार्थ असतो. तो रक्तशर्करा वाढवतो आणि जास्त खाल्ल्यास पोटही बिघडवतो, म्हणून पाकिटावरचे घटक वाचूनच घ्यावे.

साधारण प्रमाण असे: १५० ग्रॅम बदामपूड, ५० ग्रॅम शेंगदाण्याचा बारीक कूट, ६० ग्रॅम लोणी, ५० ग्रॅम दळलेले एरिथ्रिटॉल, १ अंडे, २ चहाचे चमचे मसाला, चिमूटभर मीठ. अंडे न खाणाऱ्या घरांत एक चमचा इसबगोल पाण्यात भिजवून घालतात. मैद्यातले ग्लुटेन इथे नसल्याने बांधून ठेवणारे काहीतरी लागतेच, नाहीतर बिस्किट उचलताना भुगा होतो. बदाम मिक्सरमध्ये थांबत थांबत फिरवावे. सलग फिरवले तर तेल सुटते. गोळा अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून, दोन बटर पेपरांमध्ये ४ ते ५ मिलिमीटर जाड लाटून २४ बिस्किटे कापावी. सोडा घालू नये, कारण जोडीसाठी बिस्किट सपाट हवे. १६० अंश सेल्सिअसला १२ ते १४ मिनिटे पुरतात. बाहेर काढताना ती मऊच असतात, गार होताना घट्ट होतात. हे माहीत नसले की माणूस आणखी पाच मिनिटे ठेवतो आणि बदाम करपतो.

नानकटाईसारखे हे पीठ बेकरीच्या भट्टीवर पाठवणे जपून करावे. भट्टीची धग मैद्याच्या मालाला बेतलेली असते. ओव्हन नसेल तर तळाशी मीठ घातलेल्या जाड कढईत, झाकण ठेवून, मंद आचेवर भाजता येतात.

अशा १२ जोड्यांत, सारणासाठी १०० ग्रॅम चक्का धरून, प्रत्येकी साधारण २ ग्रॅम पचणारी कर्बोदके येतात. मैदा-साखरेच्या तेवढ्याच जोडीत ती १८ ते २० ग्रॅम भरतात. हे गणित चहाच मोडतो. दोन चमचे साखरेच्या कपात ८ ते १० ग्रॅम साखर असते, म्हणजे बिस्किटांच्या चार-पाच जोड्यांइतकी. उष्मांक मात्र कमी नाहीत: १०० ग्रॅम बदामात ५७५ हून अधिक कॅलरी असतात. इन्सुलिन किंवा शर्करा उतरवणाऱ्या गोळ्या चालू असताना जेवणातलीही कर्बोदके एकदम कमी केली तर शर्करा धोकादायक खाली जाऊ शकते, तेव्हा डोस डॉक्टरांशी बोलूनच ठरवावा. डॉ. जगन्नाथ दीक्षित यांनी सांगितलेली दोन वेळांच्या जेवणाची पद्धत पाळणाऱ्यांना चारचा हा खाऊ बसतच नाही.

पावसाळ्यात खानापूर-जांबोटीकडच्या दमट हवेत बिस्किटे लवकर सादळतात. सारण न भरता घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवावी, सादळली तर १२० अंशांवर काही मिनिटे पुन्हा भाजावी. बदामाचे तेल खवट होत असल्याने आठवड्यापेक्षा जास्त साठवायची असतील तर डबा फ्रिजमध्ये जातो. चक्का आयत्या वेळी भरावा. भरून ठेवलेली जोडी दोन-तीन तासांत मऊ पडते.