'सिन्जेन' : ना वाण, ना जात

मागच्या पावसाळ्यात एमएस्सीचा एक विद्यार्थी दोन झेरॉक्स घेऊन घरी आला. दोन्ही टेट्राहायमेना या पाण्यातल्या एकपेशी जीवावरचे. एका शोधनिबंधात लिहिले होते 'टेट्राहायमेना पायरिफॉर्मिस, सिन्जेन 1'. दुसरा त्याच्या बऱ्याच नंतरचा, त्यात 'टेट्राहायमेना थर्मोफिला'. प्रयोगाची रीत जवळजवळ तीच, चित्रातला प्राणीही तोच. "सर, हे दोघं येगळे हायेत का एकच?"

एकच आहेत. पण एवढ्या उत्तराने त्याचे समाधान झाले नाही, आणि होऊही नये. 'सिन्जेन' हा शब्द आमच्या बीएस्सीच्या पुस्तकांत भेटत नाही. जुन्या शोधनिबंधांत मात्र तो पानोपानी आहे. तो का आला आणि पुढे बराचसा का गेला, हे कळल्याशिवाय ते निबंध नीट वाचता येत नाहीत.

सुरुवात पॅरामिशियम या दुसऱ्या एकपेशी जीवापासून करावी लागते. आमच्या भंडारा-गोंदियाकडे तो विकत आणावा लागत नाही. तणसाचे (धानाच्या पेंढ्याचे) तुकडे पाण्यात उकळायचे, पाणी गार झाले की त्यात मामा (मालगुजारी) तलावाचे किंवा बोडीचे, म्हणजे लहान तळ्याचे, वाटीभर पाणी घालायचे आणि बरणी सावलीत ठेवून द्यायची. आठवडाभरात थेंबाथेंबात चपलेच्या आकाराचे, अंगभर बारीक केसांनी वल्हवणारे जीव फिरताना दिसतात. एखाद्या दिवशी दोन जीव एकमेकांना तोंडाकडच्या बाजूने चिकटून, जोडीने पोहताना सापडतात. हे संयुग्मन. दोघांच्या लघुकेंद्रकांची, म्हणजे पेशीतल्या लहान केंद्रकांची, वाटणी होते, अर्ध्या वाट्याची देवाणघेवाण होते आणि दोघे वेगळे होतात. पिल्लू जन्मत नाही, पण दोघांचाही आनुवंशिक ऐवज नवा झालेला असतो. परीक्षेत याची आकृती हमखास येते.

आकृतीत एक गोष्ट येत नाही. वाटेल तो वाटेल त्याला चिकटत नाही.

हे नेमके दाखवले जीवशास्त्रज्ञ ट्रेसी सॉनबॉर्न यांनी, 1937 साली, अमेरिकेतल्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात. पॅरामिशियम ऑरेलियाच्या एकेका जीवापासून वाढवलेले वेगवेगळे वंश त्यांच्याकडे होते. काही ठरावीक वंशांचे थेंब एकत्र केले की क्षणात त्यांचे पुंजकेच्या पुंजके होत, आणि थोड्या वेळाने त्या पुंजक्यांतून जोड्या सुटून बाहेर पडत. ज्यांचे पुंजके होत त्यांचे मेटिंग टाइप (जोडी जमण्याचे प्रकार) वेगळे, ज्यांचे होत नाहीत त्यांचा एकच, अशी मांडणी झाली. दोघे थोडे उपाशी असावे लागतात, हीही अट आहे. भरल्या पोटी संयुग्मन होत नाही.

पुढे निरनिराळ्या तळ्यांतले वंश जमा होत गेले तसा घोळ वाढला. क चे जमते ख शी. ग चे जमते घ शी. पण क आणि ख या दोघांचेही ग-घ शी काही केल्या जमत नाही. सूक्ष्मदर्शकाखाली चारही हुबेहूब सारखे. म्हणजे कुंपणे दोन होती. एक आतले : आपल्याच प्रकाराशी जोडी नाही. दुसरे बाहेरचे : आपल्या गटापलीकडे जोडी नाही.

वर्गात हे सांगताना मला इंग्रजीची गरज कधी पडली नाही. बाहेरचे कुंपण म्हणजे बेटीव्यवहाराची हद्द, आतले म्हणजे सगोत्र लग्न नाही. आमच्याकडच्या गोंड मुलांना तर आणखी लवकर कळते. त्यांच्यात चारदेवे, पाचदेवे, सहादेवे, सातदेवे असे कुळांचे गट असतात, आणि सम देवाची सोयरीक विषम देवाशी अशी रीत सांगतात. गंमत म्हणजे ऑरेलियाच्या प्रत्येक गटात मेटिंग टाइप दोनच, आणि त्यांना क्रमांक असे पडले की एक विषम, दुसरा सम. चौथ्या गटात सात आणि आठ. शास्त्रीय लिखाणात आजही त्यांना ऑड आणि इव्हन म्हणतात.

ही उपमा तेवढ्यापुरतीच बरी, हेही मी वर्गात सांगतोच. माणसाची हद्द माणसाने घातलेली आहे. ती ओलांडणाऱ्यांची लेकरे तुमच्याआमच्यासारखीच धट्टीकट्टी असतात. पॅरामिशियमची हद्द निसर्गाची. ऑरेलियाचे काही गट हद्द ओलांडून एकमेकांना चिकटतात खरे, पण मग पहिल्या नाही तर दुसऱ्या पिढीत संतती मरू लागते.

या गटांना म्हणायचे काय? सॉनबॉर्न यांनी आधी साधा शब्द वापरला, व्हरायटी. आपल्या भाषेत वाण. व्हरायटी 1, व्हरायटी 2 असे आकडे पडत गेले. धानाच्या मुलखात वाण कोणाला समजवायला नको. नागभीड तालुक्यातल्या नांदेडच्या दादाजी खोब्रागडे यांनी एचएमटी हा वाण निवडून काढला तो शेतातल्या वेगळ्या दिसणाऱ्या लोंब्या हेरून. पण वाण म्हटले की दोन गोष्टी गृहीत धरल्या जातात : तो डोळ्यांना वेगळा ओळखू येतो, आणि दुसऱ्या वाणाशी त्याचा संकर करता येतो. ऑरेलियाच्या गटांचे नेमके उलट. दिसायला एक, आणि संकर नाही. शब्द साफ चुकीच्या जागी पडला होता.

मग सरळ जात का म्हणू नये? जीवशास्त्रात स्पीशीजला मराठीत आपण जातीच म्हणतो. उत्क्रांतीचे अभ्यासक अर्न्स्ट मायर यांनी 1942 मध्ये जी व्याख्या रूढ केली, आपसात प्रजनन करणाऱ्या आणि इतरांपासून प्रजननाने तुटलेल्या समूहांची, ती या गटांना चपखल बसत होती. सॉनबॉर्नना ते मान्य होते. तरी 1957 साली, मायर यांनीच संपादित केलेल्या ग्रंथात, दीडशेहून अधिक पानांचे प्रकरण लिहून त्यांनी जात हा शब्द नाकारला आणि 'सिन्जेन' हा नवा शब्द पुढे केला. ग्रीकमधले सिन म्हणजे सोबत, एकत्र. जेन हे उत्पत्तीच्या धातूवरून आलेले. ज्यांच्यात जनुकांची देवाणघेवाण होते किंवा होऊ शकते त्या साऱ्यांचा मिळून एक सिन्जेन.

नाकारण्याचे कारण मला या सगळ्या इतिहासातले सर्वांत मोलाचे वाटते. एखादा ऑरेलिया कोणत्या गटाचा हे ओळखायचा मार्ग तेव्हा एकच होता : प्रत्येक गटाचे प्रमाणित वंश जिवंत ठेवायचे आणि आपला नमुना एकेकाशी मिसळून पाहायचा. हे करू शकणाऱ्या प्रयोगशाळा जगात हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. बाकीच्यांनी काय करायचे? तळ्यावरून पाणी आणणाऱ्याला जे नाव तपासताच येत नाही, ते लॅटिन नाव देऊन उपयोग काय, असा तो सवाल होता. साकोली-लाखांदुराकडच्या कॉलेजात एका जुन्या मायक्रोस्कोपवर काम केलेल्या माणसाला तो आपल्यासाठीच केलेला वाटतो. काहींना हा पळपुटेपणा वाटेल. निसर्गातली जात माणसाच्या सोयीवर थोडीच अवलंबून असते, हा आक्षेपही खोटा नाही. पण नाव हे शेवटी वापरणाऱ्यांसाठी असते.

तोड निघाली ती एन्झाइमांवाटे. विजेच्या साहाय्याने एन्झाइम जेलवर सरकवले की वेगवेगळ्या सिन्जेनांचे पट्टे वेगवेगळ्या जागी येतात, हे 1970 च्या आगेमागे दिसू लागले. आता जिवंत वंशांचा संच न सांभाळताही बरीचशी ओळख पटू शकत होती. अडसर गेला तसे सॉनबॉर्न यांनी स्वतःच 1975 मध्ये ऑरेलियाच्या चौदा सिन्जेनांना जातीची नावे दिली. तीही आकड्यांचीच : प्राइमऑरेलिया, बायऑरेलिया, ट्रायऑरेलिया, टेट्राऑरेलिया, अशी थेट क्वाडेकऑरेलियापर्यंत. जुना सिन्जेन 4 म्हणजे टेट्राऑरेलिया, हिशेब सोपा. याच टेट्राऑरेलियाचा जीनोम 2006 मध्ये प्रसिद्ध झाला तेव्हा जवळपास 40,000 जनुके निघाली, माणसाच्या कितीतरी पुढे. सॉनबॉर्न 1981 मध्ये वारले. टेक्सासमध्ये सापडलेल्या पंधराव्या जातीला 1983 साली त्यांचे नाव मिळाले, पॅरामिशियम सॉनबॉर्नी. आकडा नसलेले ते एकच.

आता त्या विद्यार्थ्याच्या झेरॉक्सकडे. टेट्राहायमेनातही हेच घडले होते : पायरिफॉर्मिस या एका नावाखाली अनेक सिन्जेन. 1976 मध्ये नॅनी आणि मॅकॉय या संशोधकांनी त्यांना वेगळी नावे दिली आणि सिन्जेन 1 ची झाली थर्मोफिला, म्हणजे उष्णता आवडणारी. 40 अंशांतही वाढते. चंद्रपूरच्या मे महिन्यात तिला फारसे परके वाटू नये. तिच्यात मेटिंग टाइप दोन नाहीत, सात आहेत, आणि कोणतेही दोन वेगळे असले की जमते. स्वतःला कापून जोडणारा आरएनए थॉमस चेक यांना टेट्राहायमेनातच सापडला, आणि गुणसूत्रांच्या टोकांवरच्या ज्या कामाला 2009 चे नोबेल मिळाले त्याची सुरुवातही टेट्राहायमेनापासून झाली. पायरिफॉर्मिस हे जुने नाव मात्र लघुकेंद्रकच नसलेल्या, म्हणून संयुग्मन न करणाऱ्या वंशांकडे राहिले. त्यामुळे 1976 च्या आधीच्या निबंधात नुसते 'पायरिफॉर्मिस' दिसले तर थांबावे, पुढे सिन्जेनचा आकडा किंवा वंशाचे नाव आहे का ते पाहावे, आणि मगच तुलना करावी.

शब्द पुरता मेला असेही नाही. पॅरामिशियम कॉडेटम या ऑरेलियाच्या भाऊबंदाच्या गटांना अजून सिन्जेनच म्हणतात. हिरव्या शैवालाला पोटात बाळगणाऱ्या पॅरामिशियम बर्सारियाच्या सिन्जेनांना अलीकडे ऑरेलियासारखीच आकड्यांची नावे मिळू लागली आहेत.

विद्यार्थ्याने जाताना विचारले, आपल्या बरणीतला कोणता? असिटोकार्मिन या रंगाने रंगवून लघुकेंद्रक एक दिसले तर कॉडेटम, लहानशी दोन दिसली तर ऑरेलिया, इथवर आम्ही दोघांनी मिळून पाहिले. दोन होती, म्हणजे ऑरेलियाच्या सारख्याच दिसणाऱ्या जातींच्या संकुलातला कोणीतरी. बरणीवर त्याने चिठ्ठी लावली : 'ऑरेलिया संकुल, बोडीचे पाणी, सिन्जेन माहीत नाही.'