कालबद्ध सुनावणीचे आदेश (दिवाणी दावे, ग्रामीण विदर्भ)

तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात रेंगाळलेला दावा ठरावीक मुदतीत निकाली काढावा, असा वरिष्ठ न्यायालयाचा आदेश. विदर्भाच्या अकराही जिल्ह्यांसाठी हे वरिष्ठ न्यायालय बहुधा मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ असते. म्हणूनच 'नागपूरहून ऑर्डर आणली' एवढे म्हटले की गावात पुढचे सांगावे लागत नाही.

या आदेशामागे संविधानाच्या अनुच्छेद २२७ मधला देखरेखीचा अधिकार आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेत १९९९ साली झालेली दुरुस्ती १ जुलै २००२ पासून लागू झाली आणि कलम ११५ खालच्या पुनरीक्षणाची (खालच्या न्यायालयाचा आदेश उच्च न्यायालयाकडून तपासून घेण्याची) वाट अरुंद झाली. तेव्हापासून दावा चालू असताना झालेल्या बहुतेक तक्रारी अनुच्छेद २२७ खालीच नागपूरला जातात. याच दुरुस्तीने सुनावणीत एका पक्षकाराला तीनपेक्षा जास्त तहकुबी देऊ नयेत, असेही घातले. सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सेलम वकील संघाच्या प्रकरणात अपवादात्मक परिस्थितीत त्याला सूट मान्य केली. तालुक्याचे रोजनामे (प्रत्येक तारखेला काय झाले याच्या न्यायालयीन नोंदी) चाळले, तर अपवाद कोणता आणि नियम कोणता हे सांगणे कठीण जाते.

विलंब नेमका कुठे होतो, हे वाटणीच्या दाव्यात स्वच्छ दिसते. समजा वडिलांच्या नावावर आठ एकर कोरडवाहू वावर आहे, धुऱ्यावरून (बांधावरून) भावाभावांत बिनसले आणि दावा पडला. निशाणी ५ च्या, म्हणजे निकालापर्यंत तात्पुरती मनाई मागणाऱ्या, अर्जावरच दोन-तीन वर्षे जाऊ शकतात, कारण त्यावरील आदेशाविरुद्ध आधी जिल्हा न्यायालयात अपील होते आणि मग नागपूरला याचिका. तेवढ्यात एक प्रतिवादी वारला की ९० दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणावे लागतात. चुकले तर त्याच्यापुरता दावा संपतो आणि तो पुन्हा उभा करायला वेगळा अर्ज करावा लागतो. लेकी लग्न होऊन परजिल्ह्यात गेलेल्या असतात. प्रत्येकीला समन्स निघते, बेलिफ 'पत्त्यावर मिळून आली नाही' असा शेरा मारून परततो आणि पुढची पेशी (सुनावणीची तारीख) पडते.

कोणाचा किती वाटा हे ठरवणारा प्राथमिक हुकूमनामा झाला तरी जमीन हाती येत नाही. सारा आकारलेल्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. कागद तहसिलीत जातो, तिथून भूमी अभिलेखकडे. मोजणी यायची तेव्हा वावरात कपाशी नाहीतर तूर उभी असते. 'सहा महिन्यांत निकाल द्या' असे न्यायाधीशांना सांगता येते, पण त्या आदेशाने मोजणीदाराची तारीख आपोआप अलीकडे येत नाही. मुदत सरली की खालचे न्यायालय कारणे लिहून मुदतवाढ मागते.

सर्वोच्च न्यायालयाने या विषयात अलीकडे बरेच सांगितले आहे. २०२१ मध्ये राहुल शाह प्रकरणात दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी, आणि उशीर झाल्यास कारणे लेखी द्यावीत, असा निर्देश झाला. ऑक्टोबर २०२३ मध्ये, यशपाल जैन प्रकरणात, पाच वर्षांहून जुन्या प्रकरणांवर उच्च न्यायालयांनी समिती नेमून लक्ष ठेवावे असे सांगण्यात आले. त्या प्रकरणातला मूळ दावा १९८२ चा होता. पेरियम्मल प्रकरणात सर्व उच्च न्यायालयांकडून आकडे मागवले, तेव्हा २०२५ मध्ये देशभरात ८.८२ लाख दरखास्ती प्रलंबित निघाल्या. त्यांतल्या सुमारे ३.४ लाख एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीतल्या, म्हणजे देशात सर्वाधिक.

मात्र २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबाद उच्च न्यायालय वकील संघाच्या प्रकरणात वेगळी बाजू मांडली. एरवी वरिष्ठ न्यायालयांनी इतर न्यायालयांतल्या प्रकरणांना मुदत घालून देऊ नये. कोणते प्रकरण आधी घ्यायचे हे तिथल्या न्यायाधीशाला जास्त कळते. शिवाय जो वर पोहोचतो त्याचेच प्रकरण रांग मोडून पुढे जाते. विदर्भात या मुद्द्याला अंतराचे वजन आहे. काटोल किंवा सावनेरचा पक्षकार वकिलाला भेटून संध्याकाळी घरी परततो. गडचिरोली जिल्ह्याच्या दक्षिण टोकावरच्या सिरोंचाच्या पक्षकारासाठी नागपूर तीनशे किलोमीटरहून दूर आहे, आणि एकदा जाऊन याचिका लागत नाही. त्याचा दावा तालुक्याच्या न्यायालयाच्या बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) तसाच राहतो आणि ऑर्डर घेऊन आलेल्याचे प्रकरण आधी पुकारले जाते.