कार्बन घडतो कसा?

रसायनांच्या साहाय्याने तांब्याचे सोने करून देतो, असे सांगणाऱ्या भोंदूंवर विश्वास ठेवणारे आजही भेटतात. रासायनिक क्रियेत अणूंच्या बाहेरच्या कक्षेतील इलेक्ट्रॉनांचीच देवघेव किंवा भागीदारी होते. मूलद्रव्य कोणते हे ठरवणाऱ्या केंद्रकातील प्रोटॉनांना धक्काही लागत नाही. कोळसा जळून कार्बन डायऑक्साइड हे संयुग बनते तेव्हा दर कार्बन अणूमागे सुमारे ४ इलेक्ट्रॉनव्होल्ट ऊर्जा बाहेर पडते, तर हेलियमपासून कार्बनचे एक केंद्रक घडताना सुमारे ७३ लाख. हे काम ताऱ्याच्या गाभ्यातच होते, आणि तेथेही ते सहजासहजी होत नाही.

हेलियमची दोन केंद्रके एकत्र आली की बेरिलियम-८ तयार होते. परंतु सेकंदाचे एक कोटी अब्ज भाग केल्यास त्यातल्या जेमतेम एका भागाइतक्या काळात ते पुन्हा फुटते. तेवढ्यात तिसरे हेलियम येऊन आदळले, तरच कार्बन! सुमारे १० कोटी अंश तापमानाला अशा टकरी होतात खऱ्या, पण नुसत्या टकरींच्या हिशेबाने विश्वातील कार्बनचा साठा जुळेना. डॉ. जयंत नारळीकरांचे गुरू फ्रेड हॉइल यांनी १९५३ मध्ये असा तर्क केला की, ज्याअर्थी कार्बन विपुल आहे त्याअर्थी त्याच्या केंद्रकाला सुमारे ७६.५ लाख इलेक्ट्रॉनव्होल्टची एक उत्तेजित पातळी, म्हणजे नेहमीच्या स्थितीहून तेवढी जास्त ऊर्जा असलेली अवस्था, असलीच पाहिजे. बेरिलियम आणि हेलियम यांची एकत्रित ऊर्जा या पातळीच्या किंचित खाली असते. टकरीच्या वेगातून उरलेली भर पडली की संयोगाची शक्यता कित्येक पटींनी वाढते. कॅलिफोर्नियातील कॅलटेकच्या प्रयोगशाळेत शोध घेतला, तेव्हा ही पातळी खरोखरच सापडली. ताऱ्यांकडे पाहून अणुकेंद्रकाबद्दल केलेले इतके अचूक भाकीत मला तरी दुसरे ठाऊक नाही. त्यातही, या अवस्थेतील दहा हजार केंद्रकांपैकी जेमतेम चारच ऊर्जा सोडून स्थिर कार्बन होतात. बाकीची पुन्हा तीन हेलियमांत विखुरतात.

संयुगांची पाळी यानंतर, म्हातारपणी फुगलेल्या ताऱ्याच्या थंड बाह्य थरांत येते. तेथे कार्बन आणि ऑक्सिजन आधी कार्बन मोनॉक्साइडमध्ये घट्ट बांधले जातात. ऑक्सिजन शिल्लक राहिला तर सिलिकेटची धूळ होते, कार्बन उरला तर काजळी आणि सिलिकॉन कार्बाइड. १९६९ मध्ये ऑस्ट्रेलियातील मर्चिसन येथे पडलेल्या उल्केत सिलिकॉन कार्बाइडचे असे सूक्ष्म कण मिळाले आहेत, आणि ते आपल्या सूर्याहून जुने आहेत.