पारसिकची डोंगररांग

ठाणे खाडीच्या पूर्वेला, कळवा-मुंब्र्यापासून बेलापूरच्या दिशेने दक्षिणोत्तर पसरलेली बेसाल्टची रांग. पश्चिम पायथ्याला ऐरोली, रबाळे, घणसोली, महापे; पलीकडे शीळ-तळोज्याचा सखल भाग. सह्याद्रीच्या मुख्य कण्यापासून सुटून कोकणपट्टीत उरलेल्या डोंगरांपैकी ही एक.

हिमालय किंवा आल्प्सप्रमाणे ही रांग भूपट्टांच्या टकरीतून वर आलेली नाही. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा वाहिला आणि थरावर थर साचत पठार तयार झाले. पुढे त्याची पश्चिमेची बाजू खचली. तेव्हापासून पाऊस आणि ओढे उरलेला प्रदेश कोरत आहेत. आज दिसतो तो डोंगर म्हणजे झिजून शिल्लक राहिलेला भाग. दक्षिण आफ्रिकेतील ड्राकेन्सबर्ग हे याच्या मोठ्या भावंडासारखे: तिथेही वर बेसाल्ट आणि पठाराची तुटलेली कडा, फक्त खडक सुमारे १८ कोटी वर्षांचा.

घाटमाथ्यावर लाव्ह्याचे थर जवळजवळ आडवे असतात. पनवेलच्या पट्ट्यात मात्र ते पश्चिमेकडे, समुद्राच्या बाजूला कलतात. भूशास्त्रात या कलाला ‘पनवेल फ्लेक्शर’ म्हणतात. खडक पाहायचा तर एखाद्या जुन्या खदानीचा उभा काप पाहावा. आतला ताजा दगड काळा, टणक. वर मात्र तोच दगड कांद्यासारखा पापुद्र्या-पापुद्र्यांनी सुटतो, बोटांनी चुरला जातो आणि शेवटी तांबूस माती होतो. लाव्ह्यातील वायूंच्या बुडबुड्यांची छिद्रे पांढऱ्या खनिजांनी भरलेली असतात. कोट्यवधी वर्षांचे काम तिथे हातभर उंचीत दिसते.

उंची बेताचीच, तरी पावसाळ्यात या रांगेचे रूप पालटते. जुलैत मुंब्रा स्थानकातून पाहिले की कातळावरून पांढऱ्या धारा उतरताना दिसतात. दक्षिणेला खारघरच्या डोंगरातील पांडवकडा सुमारे १०७ मीटरवरून कोसळतो. मुंब्रादेवीचे मंदिर याच रांगेच्या कड्यावर आहे.

१८५४ साली ठाण्याहून कल्याणकडे गेलेला लोहमार्ग डोंगराला वळसा घालून गेला. १९१६ मध्ये सुमारे १.३ किलोमीटरचा पारसिक बोगदा खुला झाला आणि वळसा चुकला. अनेक दशके जलद लोकल याच बोगद्यातून धावल्या. एकदम अंधार, कानात दाटणारा आवाज आणि मग पुन्हा उजेड: कल्याण-डोंबिवलीच्या कित्येक पिढ्यांना हा डोंगर असाच, आतून माहीत आहे.

सर्वांत मोठा बदल केला तो खदानींनी. १९७० मध्ये सिडको स्थापन झाली, नवी मुंबई उभी राहू लागली आणि तिच्या रस्त्या-इमारतींना लागलेली खडी मोठ्या प्रमाणात याच उतारांवर फुटली. शहराला दगड हवाच होता, हे खरे. पण झाड तोडले तर पुन्हा लावता येते. लाव्ह्याचा थर पुन्हा साचत नाही. माती आणि झाडोरा गेलेल्या उतारावर पाणी मुरत नाही, ते थेट खाली धावते. बंद पडलेल्या अनेक खदानींच्या खड्ड्यांत आता तळी साचली आहेत, आणि काठाच्या कापात काळ्या-तांबड्या दगडाचे थर उघडे पडले आहेत.